एकाच गेमचे दोन डबे कशाला? पोकेमॉनच्या व्हर्जन एक्सक्लुझिव्हचं गणित

पोकेमॉनचा नवीन मेन गेम आला की एकाच गेमचे दोन डबे विकायला येतात. नाव वेगळं, कव्हरवरचा प्राणी वेगळा, किंमत तीच. मग पहिल्यांदा घेणारा, किंवा पोरांसाठी घेणारे आईबाप, गोंधळतात की बाबा ह्यात नक्की फरक काय, एक घेतला तर अर्धाच गेम मिळणार का, आणि दोन्ही घ्यायचे असतील तर हा सरळसरळ खिसा कापायचा धंदा नाही का. तिन्ही प्रश्न रास्त आहेत, पण उत्तरं वाटतात तेवढी सरळ नाहीत म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

आधी अगदी मूळ गोष्ट. दोन्ही डब्यांतली स्टोरी, नकाशा, लढाईचे नियम, गावं, सगळं जवळपास सेम असतं. फरक असतो तो थोड्याशा पोकेमॉनचा, म्हणजे पकडून लढवायच्या प्राण्यांचा. काही जण फक्त ह्या व्हर्जनमध्ये जंगलात सापडतात, काही जण फक्त त्या. ह्यांनाच व्हर्जन एक्सक्लुझिव्ह म्हणतात. आणि बहुतेकांचा गैरसमज इथेच होतो, लोकांना वाटतं की जो प्राणी माझ्या व्हर्जनमध्ये मिळत नाही तो माझ्या गेममध्ये नाहीच. असं नसतं. त्याचं चित्र, त्याची ताकद, त्याचे हल्ले, त्याचा आवाज, पोकेडेक्समधली (गेममधल्या प्राण्यांच्या नोंदवहीतली) त्याची माहिती, सगळं तुमच्या कार्ट्रिजमध्ये आधीपासून आहे. असायलाच लागतं, कारण उद्या मित्राने तो ट्रेड करून पाठवला तर तुमच्या गेमला तो दाखवता आला पाहिजे ना! ट्रेडमध्ये दोन मशीन जोडणाऱ्या लिंक केबलमधून काही अख्खा प्राणी जात नाही, जाते ती छोटीशी माहिती, की हा अमुक नंबरचा पोकेमॉन, एवढी लेव्हल, हे चार हल्ले, मूळ मालक हा. बाकीचं चित्रबित्र तुमचा गेम स्वतःकडचं काढून लावतो.

मग फरक नक्की कुठे असतो, तर रानटी पोकेमॉन कुठे कोण भेटेल ह्या यादीत. पहिल्या पिढीच्या गेमचं, म्हणजे रेड आणि ब्लूचं, उदाहरण घेऊ कारण ते सगळ्यात सोपं आहे आणि हौशी लोकांनी त्याचा कोड पार सुटा करून ठेवलाय. तिथे गवताचा प्रत्येक भाग म्हणजे दहा चिठ्ठ्यांचा डबा समजा, पण सगळ्या चिठ्ठ्या निघायची शक्यता सारखी नाही, पहिल्या दोन साधारण २०-२० टक्के वेळा निघतात, तिसरी १५, मग तीन चिठ्ठ्या १०-१० टक्क्यांच्या, असं करत करत शेवटची जेमतेम १ टक्का. तुम्ही गवतात चालताय, गेमने ठरवलं की आता कोणीतरी समोर आणायचं, की तो एक चिठ्ठी काढतो आणि त्यावर ज्याचं नाव तो हजर. रेड आणि ब्लू मध्ये डबे तेच, चिठ्ठ्या तेवढ्याच, फक्त काही चिठ्ठ्यांवरची नावं बदललेली. रूट ४ वर रेडमध्ये एकान्स निघतो तर ब्लूमध्ये सँडश्रू. रूट २४ वर रेडमध्ये ऑडिश, ब्लूमध्ये बेलस्प्राउट. दोन्ही गेम एकाच कोडमधून बनतात आणि मध्ये मध्ये फक्त एवढीच अट असते की रेड बनवत असाल तर ही यादी घ्या, ब्लू असेल तर ती. म्हणजे दुसरं व्हर्जन बनवायला कंपनीला दुसरा गेम बनवावा लागत नाही, आणि हो, धंद्याच्या नजरेने बघितलं तर ही फारच सोयीची गोष्ट आहे हे नाकारण्यात अर्थ नाही.

नावं कशीही बदललेली नाहीत हेही बघण्यासारखं आहे. रेडमध्ये ग्रोलिथ आहे तर ब्लूमध्ये व्हल्पिक्स, दोघंही आगीचे, दोघंही फायर स्टोनने इव्हॉल्व्ह होणारे, म्हणजे पुढचं रूप घेणारे. ऑडिश आणि बेलस्प्राउट दोघंही गवत आणि विषाचे, दोघांच्याही तीन पायऱ्या, तिसरी पायरी लीफ स्टोनने. सायथर रेडमध्ये तर पिन्सिर ब्लूमध्ये, दोघंही किडे. अशी जोडी लावल्यामुळे होतं काय की कुठलंही व्हर्जन घेतलं तरी टीम बांधताना फार मोठं भोक पडत नाही, तुम्हाला आगीचा एखादा पाहिजे असेल तर तो मिळतोच, फक्त कुठला ते ठरलेलं. इलेक्टाबझ आणि मॅगमार ही जोडी जरा वेगळी, एक विजेचा एक आगीचा आणि दोघांच्या जागाही वेगळ्या, इलेक्टाबझ रेडच्या पॉवर प्लांटमध्ये आणि मॅगमार ब्लूमधल्या जळक्या मॅन्शनमध्ये. आणि मँकीच्या बदल्यात म्याउथ ही जोडी का लावली देव जाणे.

आता हिशोब करू, कारण इथे मला स्वतःला सगळ्यात जास्त मजा येते. पहिल्या पिढीत एकूण १५१ पोकेमॉन, त्यातला म्यू साध्या खेळात मिळतच नाही, तो कंपनीच्या कार्यक्रमांतून वाटायचा प्रकार, म्हणून तो सोडून १५०. रेडमध्ये न मिळणारे, म्हणजे ब्लूचे एक्सक्लुझिव्ह, इव्हॉल्व्ह झालेले धरून ११. उलट बाजूनेही ११च. मग रेड एकट्याने खेळणाऱ्याला १३९ मिळायला हवेत, बरोबर? पण नाही मिळत, जास्तीत जास्त १२४ मिळतात. उरलेले १५ गेले कुठे?

त्याचं कारण असं की गेमने दुसरीकडेही कात्री लावलेली आहे आणि तिचा व्हर्जनशी संबंधच नाही. सुरुवातीला तिघांतला एक स्टार्टर निवडा, बाकीचे दोन कायमचे गेले, प्रत्येकाच्या तीन पायऱ्या म्हणजे ६ कमी. माउंट मूनमध्ये दोन जीवाश्मांपैकी एकच उचलता येतं, तिथे २ कमी. डोजोमध्ये हिटमॉनली किंवा हिटमॉनचान, १ कमी. ईव्ही अख्ख्या गेममध्ये एकच मिळतो आणि त्याला तीनपैकी एकच रूप देता येतं, २ कमी. आणि शेवटचे ते चार, अलाकझाम, मचॅम्प, गोलेम, गेंगार, जे फक्त ट्रेड केल्यावरच इव्हॉल्व्ह होतात, तुमच्याकडे काडाब्रा १०० लेव्हलचा असला तरी दुसऱ्याकडे पाठवल्याशिवाय तो अलाकझाम होत नाही. झाले १५. म्हणजे एकट्या माणसाच्या पोकेडेक्समध्ये जी २६ भोकं राहतात त्यातली व्हर्जनमुळे पडलेली निम्म्याहून कमी आहेत! सगळी टीका दोन डब्यांवर होते पण खरी गोम अशी आहे की एकाच माणसाने दोन्ही डबे विकत घेऊन एकाच कन्सोलवर आलटून पालटून खेळला तरी त्याचं भागत नाही, दुसरं मशीन आणि केबल लागणारच.

एक पाऊल अजून पुढे. समजा तुमच्याकडे रेड, मित्राकडे ब्लू, दोघांनी ठरवून वेगवेगळे स्टार्टर घेतले, वेगवेगळी जीवाश्मं उचलली, ईव्हीला वेगवेगळी रूपं दिली, सगळं ट्रेड केलं. तरी तिसरा स्टार्टर त्याच्या तीन पायऱ्यांसकट आणि ईव्हीचं तिसरं रूप राहतंच, म्हणजे १४६. उरलेल्या चारांसाठी तिसरा माणूस शोधा नाहीतर एकाने आपला सेव्ह पुसून परत सुरुवात करा. हे चुकून झालेलं नाहीये, मुद्दाम केलेलं आहे.

मुद्दाम का, त्यासाठी थोडं मागे जावं लागेल. हा गेम ज्यांच्या डोक्यातून आला ते सातोशी ताजिरी, लहानपणी टोकियोजवळच्या माचिदामध्ये किडे पकडत फिरणारा मुलगा. निन्टेन्डोच्या गेम बॉयला, म्हणजे हातात धरून खेळायच्या कन्सोलला, दोन मशीन जोडायची केबल होती, पण ती मुख्यतः समोरासमोर स्पर्धा करायला वापरली जायची, एक जिंकणार दुसरा हरणार. ताजिरींना त्या केबलमधून किडे इकडून तिकडे जाताना दिसले. आणि दुसरा एक किस्सा सांगितला जातो तो असा की ड्रॅगन क्वेस्टचा दुसरा भाग खेळताना त्यांना एक दुर्मिळ टोपी काही केल्या मिळत नव्हती आणि त्यांचा सहकारी केन सुगिमोरी, ज्याने पुढे पोकेमॉनची चित्रं काढली, त्याच्याकडे त्याच टोप्या दोन होत्या, पण एक इकडे द्यायचा काही मार्गच नव्हता. ज्याला हा अनुभव आलाय तो माणूस असाच गेम बनवणार ना.

पण नुसती केबल देऊन लोक ट्रेड करत नाहीत. तुमच्याकडे जे आहे तेच माझ्याकडे असेल तर मी तुमच्याकडे कशाला येऊ? म्हणून फरक तयार करायला लागला. सुरुवातीला विचार असा होता की प्रत्येक कार्ट्रिजच थोडं वेगळं असावं, पण ते खेळणाऱ्याला समजावणार कसं. दोन वेगळे रंग, दोन वेगळी नावं काढा, बघताक्षणी कळेल की हे वेगळं आहे, ही सूचना निन्टेन्डोचे मारिओवाले शिगेरू मियामोटो यांची असं मानलं जातं. २७ फेब्रुवारी १९९६ ला जपानमध्ये रेड आणि ग्रीन आले, हो ग्रीन, कारण ब्लू तिथे नंतर वेगळी सुधारलेली आवृत्ती म्हणून आली आणि १९९८ मध्ये अमेरिकेत गेम गेला तेव्हा ब्लूचं सुधारलेलं रूप घेऊन त्यावर रेड आणि ग्रीनच्या याद्या चढवल्या आणि नाव दिलं रेड आणि ब्लू. ह्यावरून चाहत्यांमध्ये अजूनही गोंधळ चालतो, सोडून द्या.

पुढच्या पिढ्यांमध्ये हा प्रकार हळूहळू बदलत गेला आणि सगळाच चांगल्या दिशेने नाही असं माझं मत आहे.

गोल्ड आणि सिल्व्हर (१९९९) मध्ये एक चांगली गोष्ट झाली ती म्हणजे अंडी. दोन पोकेमॉन एकत्र ठेवले की अंडं मिळायला लागलं, त्यामुळे मित्राने तुम्हाला एक दिला की त्याची पिल्लं तुम्ही हवी तेवढी काढू शकता आणि त्याचा त्याला परत देऊ शकता. स्टार्टरची अडचण ह्यानेच सुटली, जुन्या मित्राचं एक अंडं पुरलं. कव्हरवरचे हो-ओ आणि लुगिया तर दोन्ही व्हर्जनमध्ये मिळायचे, फरक एवढाच की आपल्या कव्हरवरचा ४० लेव्हलला भेटणार आणि दुसरा ७० ला. माझ्या मते हा सगळ्यात सभ्य मार्ग होता, पण मूळ जोड्यांमध्ये पुढे तो टिकला नाही.

रूबी आणि सफायर (२००२) पासून कव्हरवरचा लेजेंडरीच, म्हणजे दुर्मिळ आणि ताकदवान पोकेमॉनच, एक्सक्लुझिव्ह झाला. रूबीत ग्राउडॉन, सफायरमध्ये क्योग्रे, आणि खलनायकांची टोळीही उलटी, रूबीत मॅग्मावाले वाईट, सफायरमध्ये अ‍ॅक्वावाले. आता इथे ट्रेडचं गणित बिघडतं. ग्रोलिथ देणं म्हणजे काही त्याग नाही, गवतात जाऊन अजून एक पकडायचा. ग्राउडॉन मात्र अख्ख्या सेव्हमध्ये एकच आणि लेजेंडरींची अंडी निघत नाहीत. मग कोण देणार? ह्यावर लोकांनी काढलेला तोडगा असा की अदलाबदल करायची, पोकेडेक्समध्ये नोंद झाली की लगेच परत करायचे, कारण एकदा हातात आलेल्याची नोंद पुसली जात नाही. हा व्यवहार पूर्णपणे विश्वासावर. ज्याने एकदा तरी अनोळखी माणसाबरोबर केलाय त्याला माहितीये की पहिल्या ट्रेडनंतर आणि दुसऱ्या ट्रेडआधीचे ते काही सेकंद कसे जातात.

पुढे फरक प्राण्यांपुरते राहिलेच नाहीत. ब्लॅक आणि व्हाइट (२०१०) मध्ये एका व्हर्जनमध्ये जिथे ब्लॅक सिटी हे मोठं शहर तिथेच दुसऱ्यात व्हाइट फॉरेस्ट हे जंगल, आणि गंमत म्हणजे पांढरा ड्रॅगन रेशिरॅम ब्लॅकमध्ये आणि काळा झेक्रोम व्हाइटमध्ये. सन आणि मून (२०१६) मध्ये मूनचं घड्याळच १२ तास पुढेमागे, तुमच्याकडे दुपार असेल तेव्हा गेममध्ये मध्यरात्र, ज्यांना फक्त दिवसा खेळायला वेळ मिळतो त्यांच्यासाठी ह्याने खरंच फरक पडायचा. सोर्ड आणि शील्ड (२०१९) मध्ये जिम लीडर, म्हणजे पुढे जायला ज्यांना हरवावं लागतं ते, तेच वेगळे, सोर्डमध्ये बी आणि गॉर्डी, शील्डमध्ये अ‍ॅलिस्टर आणि मेलनी. आता अ‍ॅलिस्टरचा सामना काही मित्राकडून ट्रेड करून आणता येत नाही! प्राणी वाटून घेणं मला पटतं कारण तो देता येतो, पण लढाई किंवा शहर वाटून ठेवलं तर दुसऱ्या माणसाची गरज संपते आणि दुसऱ्या डब्याची गरज सुरू होते, आणि इथेच मूळ कल्पनेचा पार चुथडा होतो.

स्कार्लेट आणि व्हायोलेट (२०२२) मध्ये वाटणी मोठी आहे पण निदान तिला स्टोरीत जागा तरी आहे. स्कार्लेटमध्ये प्राध्यापक सादा आणि पुराणकाळातले पॅराडॉक्स पोकेमॉन, व्हायोलेटमध्ये प्राध्यापक टुरो आणि भविष्यातले, यंत्रासारखे दिसणारे. एकाच डॉनफॅनचं स्कार्लेटमधलं रूप ग्रेट टस्क तर व्हायोलेटमधलं आयर्न ट्रेड्स. आणि एक हुशार प्रकार चारकॅडेटचा, तो दोन्हीकडे सापडतो पण त्याला इव्हॉल्व्ह करायचं चिलखत वेगळं, स्कार्लेटमध्ये त्याचा आर्मारूज होतो, व्हायोलेटमध्ये सेरूलेज. हे मला जुन्या जोड्यांची आठवण करून देणारं वाटलं, कारण चिलखत पोकेमॉनच्या हातात देऊन ट्रेड केलं की ज्याला जे हवं ते मिळतं, कोणाचं काही कमी होत नाही. कव्हरवरच्या कोरायडॉन आणि मिरायडॉनबद्दलही ह्यावेळी शहाणपणा दाखवलाय, तुम्ही ज्याच्यावर बसून फिरता तो देता येत नाही पण गोष्ट संपल्यावर दुसरा एक पकडायला मिळतो, तो बिनधास्त ट्रेड करा.

मधल्या काळात इंटरनेट आलं आणि ट्रेडचं स्वरूपच बदललं. डायमंड आणि पर्ल (२००६) मध्ये जीटीएस आलं, म्हणजे तुम्ही एक पोकेमॉन ठेवायचा, बदल्यात काय पाहिजे ते लिहायचं, जगातला कोणीही येऊन सौदा पूर्ण करणार, ओळखपाळख काही नाही. कल्पना झकास, पण लोक रस्त्यावरचा साधा पिजी ठेवून बदल्यात लेजेंडरी मागायचे आणि अशा मागण्यांनी यादी भरून जायची. एक्स आणि वाय (२०१३) मध्ये वंडर ट्रेड आलं, त्यात तर मागणीही नाही, तुम्ही एक पाठवा, कुठल्यातरी अनोळख्याकडून एक येईल. आत्ताच्या निन्टेन्डो स्विच कन्सोलवरच्या गेममध्ये आकडी कोड टाकून ट्रेड होतो, तोच कोड टाकणाऱ्या दुसऱ्या माणसाशी गेम तुमची गाठ घालून देतो, आणि चाहत्यांनी ठराविक अदलाबदलींसाठी ठराविक कोड ठरवून टाकलेत, त्यामुळे ग्रेट टस्क देऊन आयर्न ट्रेड्स घेणारा माणूस काही मिनिटांत सापडतो. शिवाय ऑनलाइन रेडमध्ये (रेड व्हर्जन नव्हे, इंग्रजीतला raid), म्हणजे चार जणांनी मिळून एकाला हरवायच्या लढाईत, दुसऱ्या व्हर्जनवाल्याने उघडलेल्या रेडमध्ये घुसलात तर जिंकल्यावर तो प्राणी तुम्हालाही पकडता येतो. म्हणजे एक्सक्लुझिव्ह हा शब्द आता बराचसा नावापुरता उरलाय.

पण ह्या सोयीला एक अट आहे जी डब्यावर बारीक अक्षरात असते. ऑनलाइन ट्रेडसाठी स्विचचं पैसे भरून घ्यायचं सदस्यत्व लागतं, आणि सर्व्हर कंपनीच्या मर्जीवर. डीएस ह्या निन्टेन्डोच्या जुन्या कन्सोलच्या गेमची वायफाय सेवा मे २०१४ मध्ये बंद झाली, त्यानंतरच्या थ्रीडीएसची ऑनलाइन सेवा एप्रिल २०२४ मध्ये. त्या गेममधलं जीटीएसचं काउंटर अजून जागेवर आहे, पण आता तिथे काहीच होत नाही. जुनं कार्ट्रिज आज कोणी विकत घेतलं तर त्याला जवळ बसलेला दुसरा माणूस शोधावा लागतो, केबल किंवा लोकल वायरलेस घेऊन, आणि गंमत अशी की केबलवर चालणारे १९९६ चे गेम त्याबाबतीत जसे होते तसेच चालतात.

दोन व्हर्जनची नक्कल बऱ्याच जणांनी केली. मेडारॉट ह्या गेमने १९९७ मध्ये काबुटो आणि कुवागाता अशी दोन किड्यांच्या नावांची व्हर्जन काढली, ड्रॅगन क्वेस्ट मॉन्स्टर्सच्या दुसऱ्या भागात दोन नायकांची दोन व्हर्जन होती, यो-काई वॉचच्या दुसऱ्या भागातही. पोकेमॉनच्या घरातच उलटा प्रयोगही झाला, लेजेंड्स आर्सियस (२०२२) एकच डबा म्हणून आला आणि तरी तुफान चालला. म्हणजे दोन डबे काढल्याशिवाय पोकेमॉन विकलाच जात नाही असं काही नाहीये.

तर मग घ्यायचा कुठला? कव्हरवरचा जो आवडेल तो घ्या, हे उत्तर आळशी वाटतं पण नव्वद टक्के लोकांसाठी तेच खरं आहे. घरात दोन भावंडं असतील आणि दोघांना वेगळे कन्सोल असतील तर एक एक व्हर्जन घ्या, दोन सारखे घेण्यात काही अर्थ नाही. स्पर्धात्मक खेळणार असाल तर आधी यादी बघा कारण तिथे फरक पडतो, फ्लटर मेन स्कार्लेटचा आणि आयर्न हँड्स व्हायोलेटचा, आणि हे दोघंही स्पर्धांमध्ये इतके वापरले गेलेत की एकाशिवाय टीम बांधताना हात बांधल्यासारखं होतं, अर्थात ट्रेडने दोन्ही मिळतातच. आणि फक्त पोकेडेक्स पूर्ण करायचा असेल, स्कार्लेट-व्हायोलेटमध्ये मूळ ४०० ची यादी भरली की शायनी चार्म (वेगळ्या रंगाचे दुर्मिळ पोकेमॉन सापडायची शक्यता वाढवणारी वस्तू) मिळतो त्यासाठी म्हणा, तर दुसरा डबा घेण्याआधी पोकेमॉन होमचं (पोकेमॉन साठवायच्या आणि एका गेममधून दुसऱ्यात न्यायच्या सेवेचं) मोबाइल अ‍ॅप उघडून बघा, तिथलं जीटीएस फुकटच्या प्लॅनमध्येही चालतं. गेममधून होममध्ये न्यायला स्विचवरचं होम लागतं तेही फुकट आहे, साठवायची जागा मात्र फुकटात ३० चीच, त्यामुळे एकेक जोडी घेऊन शांतपणे करा आणि कोणी पिजीच्या बदल्यात लेजेंडरी मागत असेल तर खुशाल पुढे सरका.